आडवी बाटली: मतदारयादीपासून मतपेटीपर्यंत

महाराष्ट्रात एखाद्या गावातील परवानाधारक दारूचे दुकान तिथल्या महिला मतदान करून बंद करू शकतात, हे बहुतेकांनी ऐकलेले असते. त्या मतदानाचा हिशेब कसा होतो, हे मात्र आम्ही स्वतः त्या कामात उतरेपर्यंत आमच्या गावातही कोणाला ठाऊक नव्हते. राज्य शासनाच्या मार्च २००८ च्या आदेशानुसार गावातील किमान २५ टक्के महिला मतदारांनी लेखी मागणी केली, तर सह्यांची पडताळणी होऊन गुप्त मतदान घेतले जाते. मतपत्रिकेवर दोन चित्रे असतात: दुकान चालू राहावे असे वाटणाऱ्यांसाठी उभी बाटली आणि बंद व्हावे असे वाटणाऱ्यांसाठी आडवी बाटली. झालेल्या मतदानात आडव्या बाटलीला बहुमत मिळाले म्हणजे दुकान बंद झाले, असे होत नाही. यादीत नाव असलेल्या एकूण महिलांच्या निम्म्याहून अधिक मते आडव्या बाटलीला पडावी लागतात. यादीत ८०० महिला असतील तर ४०१ मते हवीत. समजा ५०० जणी मतदानाला आल्या आणि त्यांतील ४०० जणींनी आडव्या बाटलीवर शिक्का मारला, तरी दुकान चालूच राहते. जी घरी बसली, जी ऊसतोडीला गेली, जी लग्न होऊन सासरी गेली पण जिचे नाव माहेरच्या यादीत राहिले, जी वारली पण यादीतून गेली नाही, त्या साऱ्याजणी या हिशेबात दुकानाच्याच बाजूला पडतात.

मी या गावात सून म्हणून आले आणि बरीच वर्षे महिला बचत गटाचे हिशेब लिहिते आहे. आमचे गाव बालाघाटच्या डोंगरपट्ट्यात आहे. जमीन हलकी, पाणी दिवाळीपर्यंत पुरले तर पुरले, आणि दसरा-दिवाळी झाली की गावातील निम्मी घरे कुलूप लावून साखर कारखान्यांच्या वाटेला लागतात. नवराबायकोची जोडी म्हणजे एक कोयता, आणि त्या कोयत्याची उचल, म्हणजे मजुरीची आगाऊ रक्कम, मुकादमाकडून हंगामाआधीच घेतलेली असते. ही उचल हातात पडण्याचे दिवस आणि देशी दारूच्या दुकानात सर्वाधिक गर्दीचे दिवस एकच असत. दुकान एसटीच्या थांब्याजवळ होते, म्हणजे शाळेत जाणाऱ्या मुली, दवाखान्यात निघालेल्या बाया आणि बाजारहाट करून परतणारे लोक या सर्वांना त्याच्यासमोरूनच जावे लागे.

या कामाची सुरुवात मोर्चाने झाली नाही, ती आमच्या कर्जाच्या नोंदवहीतून झाली. गटाच्या वहीत कर्जाचे कारण लिहिण्याचा एक रकाना असतो. एका वर्षअखेरीस हिशेब जुळवताना आम्ही तो रकाना सलग वाचत गेलो, तेव्हा ‘घरखर्च’ हा शब्द पानोपान दिसला. शेळी, शिलाई यंत्र, बियाणे, मुलीचे शिक्षण यांसाठी घेतलेली कर्जे वेळेवर फिटत होती. ‘घरखर्च’ म्हणून घेतलेली फिटत नव्हती. मी बैठकीत सहज विचारले की हा घरखर्च म्हणजे नेमके काय. थोडा वेळ कोणी बोलले नाही. मग एका मावशींनी सांगितले, “नवऱ्यानं उचल पिऊन टाकली की दळण आणायला पैसे लागतात, त्याला आम्ही घरखर्च म्हणतो.” त्यानंतर एकेक जण बोलू लागली. इतकी वर्षे आम्ही एका सतरंजीवर बसून दरमहा पैसे मोजत होतो आणि हे बोलणे कधी झाले नव्हते, याचे मला आजही वाईट वाटते.

तालुक्याच्या गावी काम करणाऱ्या एका महिला कार्यकर्त्यांनी आम्हाला २००८ च्या आदेशाची प्रत मिळवून दिली आणि ती वाचून समजावून सांगितली. त्यांनी इतर ठिकाणच्या हकिगतीही सांगितल्या. आंध्र प्रदेशातील नेल्लोर जिल्ह्यात दुबगुंटा नावाच्या गावात साक्षरता वर्गाला जाणाऱ्या बायांनी १९९२ च्या सुमारास अरक या देशी दारूची विक्री बंद पाडली, ती चळवळ राज्यभर पसरली आणि १९९५ मध्ये तिथे संपूर्ण दारूबंदी करणे सरकारला भाग पडले. आपल्याकडे गडचिरोलीत लोकांच्या आंदोलनानंतर १९९३ मध्ये जिल्ह्याची दारूबंदी झाली. चंद्रपुरात बायांनी वर्षानुवर्षे पदयात्रा, ठराव आणि धरणी केल्यावर २०१५ मध्ये बंदी आली, ती मात्र २०२१ मध्ये उठवण्यात आली. चंद्रपूरचे ऐकून आमच्यातील काही जणींचा धीर खचला. माझे मत उलटे झाले. जिल्ह्याची बंदी मंत्रिमंडळाच्या एका निर्णयाने येते आणि दुसऱ्या निर्णयाने जाते. गावातील बायांनी स्वतः मोजून घेतलेल्या मतांवर झालेली बंदी त्याच गावातील बाया राखू शकतात, कारण ती कोणी आणली हे प्रत्येकीला माहीत असते.

आधी आम्ही महिला ग्रामसभा घेतली. नियमित ग्रामसभेपूर्वी महिलांची सभा घ्यावी, असा नियम आहे; आमच्याकडे ती बहुतेक वेळा कागदावर होत असे आणि सह्यांची वही घरोघर फिरत असे. त्या वेळी मात्र बाया खरोखर आल्या आणि ठराव लिहून, वाचून, सूचक आणि अनुमोदकाच्या नावासह मंजूर झाला. त्याला कायद्याच्या दृष्टीने किती वजन होते, यापेक्षा मला दुसरी गोष्ट मोलाची वाटते: ग्रामपंचायतीच्या कार्यालयात आजवर दारापाशी उभ्या राहणाऱ्या बाया त्या दिवशी आत येऊन खुर्च्यांवर बसल्या.

खरे काम यादीचे होते, आणि त्याबद्दल मी सविस्तर लिहिते, कारण ज्या गावांत हे मतदान थोडक्या मतांनी हुकते तिथे बहुधा याकडेच दुर्लक्ष झालेले असते. आम्ही मतदारयादीची प्रत मिळवली आणि मंदिराच्या ओसरीवर बसून ती मोठ्याने वाचली. एक जण नाव वाचायची, बाकीच्या सांगायच्या. “ही दौंडला दिली.” “ही वारली, मागच्या पोळ्याला.” “ही पुण्यात असते, सणावाराला येते.” “ही आहे, पण सासू पाठवायची नाही.” प्रत्येक नावासमोर पेन्सिलीने खूण होत गेली. वाचता वाचता अशा बायांची नावे आली की ज्यांच्या मरणाचे कारण सर्वांना माहीत होते, आणि तिथे वाचणारी थांबायची. यादीतून नाव वगळण्यासाठी नमुना ७, नवे नाव घालण्यासाठी नमुना ६ आणि पत्ता बदलण्यासाठी नमुना ८ असतो, हे आम्ही तेव्हा शिकलो. लग्न होऊन गेलेल्या मुलींना आम्ही फोन केले आणि त्यांचे नाव सासरच्या गावी नेण्याचा अर्ज भरायला सांगितले. त्यांतील काही जणींनी तोवर एकदाही मत दिले नव्हते, कारण नाव एका गावात आणि संसार दुसऱ्या गावात होता. मृतांची नावे वगळण्याचे अर्ज मृत्यूच्या दाखल्यासह मतदान केंद्रस्तरीय अधिकाऱ्यांकडे दिले. नव्याने आलेल्या सुनांची नावे घातली, आणि त्यासाठी कित्येक घरांत सुनेचे आधार कार्ड कपाटातून बाहेर काढण्यापासून तयारी करावी लागली. एका सुनेच्या सासूबाईंनी विचारले, “तिचं नाव कशाला? आमची चार मतं आहेतच की.” त्यावर त्या सुनेने पहिल्यांदाच सासूसमोर तोंड उघडले आणि म्हणाली, “आत्या, पाचवं माझं आहे.”

यादी स्वच्छ झाल्याने एकूण आकडा खाली आला आणि त्याबरोबर लागणारी निम्मी संख्याही खाली आली. त्यानंतर आम्ही गावाचे भाग पाडले: गावठाण, वस्ती, तांडा आणि मळ्यांतली घरे. प्रत्येक भागात तिथलीच बाई जबाबदार. तांड्यावर बाहेरून कोणी जाऊन भाषण करावे, असे आम्ही कटाक्षाने टाळले. तिथल्या बायांनी आपल्या बोलीत, आपल्या ओट्यावर बसून बोलावे, हेच योग्य होते. दलित वस्तीतील बाया पहिल्या दिवसापासून सर्वांत पुढे होत्या आणि त्याला कारण होते. दारू पिऊन होणाऱ्या भांडणाचा पहिला तडाखा त्यांच्या वस्तीला बसे, आणि पोलीस आले की त्यांच्याच पोरांना धरून नेत. ज्या बायांच्या घरात आम्ही पूर्वी पाणीही घेत नव्हतो, त्यांच्या अंगणात बसून आम्ही सह्यांचे कागद भरले. हे मी अभिमानाने लिहीत नाही, हे फार आधी व्हायला हवे होते. तरीही ते या कामामुळे झाले, ही वस्तुस्थिती आहे.

सह्या आम्ही २५ टक्क्यांवर थांबवल्या नाहीत, कारण पडताळणीच्या वेळी काही जणी दबावाखाली माघार घेणार हे उघड होते. प्रत्येक सहीसमोर यादीतील अनुक्रमांक आणि ओळखपत्राचा क्रमांक लिहिला. मागणी दाखल झाली आणि गावात वारे फिरले. दुकानदाराच्या बाजूची माणसे बायांकडे न जाता त्यांच्या नवऱ्यांकडे, दिरांकडे आणि मुकादमांकडे गेली. पुढच्या हंगामात उचल मिळणार नाही, असे काही कुटुंबांना सांगण्यात आले. ही धमकी पोकळ नव्हती, उचलीशिवाय त्या घरांचे वर्ष निघत नाही. आम्ही त्या घरांतील बायांना सही करा असा आग्रह धरला नाही. मतदान गुप्त असते, तेव्हा कागदावर नाव नसले तरी मत देता येते, एवढेच सांगितले. गुप्त मतदानाची खरी किंमत मला तेव्हा कळली.

पडताळणीच्या दिवशी अधिकारी आले आणि एकेका बाईला बोलावून सही तिचीच आहे का, ती स्वखुशीने केली का, हे विचारू लागले. बाहेर दोन्ही बाजूंची माणसे उभी होती. काही जणी आल्याच नाहीत, दोघी-तिघींनी सही आपली नसल्याचे सांगितले. सत्तरी ओलांडलेल्या एका आक्कांना विचारले गेले की हा अंगठा तुमचाच का. त्या म्हणाल्या, “माझाच हाय साहेब, पटत नसंल तर आणखी एकदा उठवते.” आणि त्यांनी शाईच्या पॅडवर अंगठा टेकवला. रांगेत मागे उभ्या असलेल्या बायांनी ते पाहिले, आणि त्यानंतर माझ्या माहितीप्रमाणे एकही सही गळाली नाही.

मतदानाची तारीख हा पुढचा अडसर होता. ऊसतोडीचा हंगाम चालू असताना मतदान झाले असते तर निम्म्या बाया कर्नाटकच्या सीमेवर किंवा पश्चिम महाराष्ट्रातील फडांवर असत्या, आणि पहिल्या परिच्छेदात सांगितलेल्या हिशेबाने आम्ही हरलो असतो. म्हणून गुढीपाडव्यानंतर, कोयते गावी परतल्यावर तारीख द्यावी, अशी लेखी विनंती आम्ही कारणांसह केली आणि ती मान्य झाली. तारीख कोणती, एवढ्याशा प्रश्नावर सारा निकाल अवलंबून असतो, हे मी प्रत्येक गावाला सांगते.

प्रचाराच्या काळात आमच्यासमोर जे मुद्दे मांडले गेले, त्यांतील एक मुद्दा मी कधीही हलका मानला नाही. परवान्याचे दुकान बंद झाले तर हातभट्टी आणि विषारी दारू येईल, असे अनेक जण म्हणत. २०१५ मध्ये मुंबईत मालवणी येथे विषारी दारूने शंभराहून अधिक माणसे दगावली, हे सर्वांना आठवत होते. आमचे उत्तर असे होते की परवान्याचे दुकान चालू असतानाही गावात हातभट्टी होतीच. दुकान बंद करणे हे काम संपल्याचे लक्षण मानू नये, त्यानंतर बेकायदा विक्रीवर लक्ष ठेवण्याचे दुसरे काम सुरू होते. दुसरा मुद्दा पुरुषांच्या स्वातंत्र्याचा होता. तो मांडणाऱ्यांपैकी काही जण मनापासून बोलत होते आणि त्यांच्याशी आम्हीही शांतपणे बोललो. पण ज्या घरात मुलीची फी, बाईचे मंगळसूत्र आणि म्हाताऱ्याचे औषध एका माणसाच्या संध्याकाळवर टांगलेले असते, तिथे स्वातंत्र्य एकट्या त्याचेच कसे मोजायचे, हा माझा प्रश्न होता आणि अजून आहे. गावातील बरेच तरुण आणि वारकरी मंडळी आमच्या बाजूने उघडपणे उभी राहिली, आणि पिणाऱ्यांपैकीही काही जणांनी “बंद झालं तर सुटंल आमची बी” असे खासगीत सांगितले.

निरक्षर बायांसाठी मतपत्रिकेचा सराव घ्यावा लागला. आडवी बाटली म्हणजे दुकान बंद, हे ऐकायला सोपे असले तरी बाटलीच्या चित्रावर शिक्का मारणे म्हणजे बाटलीला मत देणे, अशी भीती अनेकींना वाटत होती. मग गटातील मुलींनी अंगणात रांगोळीने दोन्ही चित्रे काढली आणि प्रत्येक वस्तीत बायांनी खडा ठेवून मत देऊन पाहिले. लहान मुले तर खेळता खेळता बाटली आडवी पाडू लागली.

मतदान जिल्हा परिषदेच्या शाळेत झाले. सकाळच्या पहिल्या तासात रांग लहान होती आणि आमच्या पोटात गोळा आला. मग ठरल्याप्रमाणे प्रत्येक भागातील बाया एकेकट्या न येता घोळक्याने येऊ लागल्या, कारण एकटीला वाटेत अडवणे सोपे असते. तांड्यावरच्या बाया पेहराव करून, गाणी म्हणत आल्या. बाळंत होऊन थोडेच दिवस झालेली एक मुलगी बाळाला आजीकडे देऊन आली. दुपारनंतर पेन्सिलीच्या खुणांची यादी घेऊन आम्ही कोण राहिले ते पाहत होतो आणि त्या घरी माणूस धाडत होतो. पुण्याहून काही जणी रातोरात प्रवास करून आल्या आणि मत देऊन परत गेल्या. संध्याकाळी मोजणी झाली. आडव्या बाटलीची मते निम्म्याच्या रेषेपलीकडे गेली, फार मोठ्या फरकाने नाही, पण गेली. वगळलेली नावे यादीत तशीच राहिली असती किंवा मतदान पाडव्याआधी झाले असते, तर आम्ही हरलो असतो, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पुढे जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश आला आणि दुकानाला टाळे लागले.

त्यानंतर काय झाले, हे सांगितल्याशिवाय हा अनुभव पूर्ण होत नाही. गाव दारूमुक्त झाले, असा दावा मी करणार नाही. पिणारे काही जण शेजारच्या गावी जातात, आणि गावातही चोरून विक्रीचे प्रयत्न होतात. फरक असा की आता एखाद्या घरात बाटल्या उतरल्या की ती खबर सर्वांत आधी बायांकडे पोहोचते, आणि तक्रार करायला एकटी जात नाही, दहा-पंधरा जणी जातात. गटाच्या वहीतील ‘घरखर्च’ कमी झाला आहे आणि फेड सुधारली आहे. घरातील मारहाण पूर्ण थांबली, असेही मी म्हणणार नाही. मात्र पूर्वी जी आरडाओरड ऐकून शेजारीण दार लावून घेत असे, तीच आता दार उघडून बाहेर येते.

आमच्या गावाचे राजकारणही त्या यादीने बदलले. पंचायतीत महिलांना निम्म्या जागा राखीव आहेत, पण आमच्याकडे त्या जागांवर नाव बाईचे आणि कारभार नवऱ्याचा अशी रीत होती. मतदानानंतरच्या निवडणुकीत भागाभागांची जबाबदारी घेतलेल्या बायांपैकी काही जणी स्वतःहून उभ्या राहिल्या आणि निवडून आल्या. त्यांना घरे माहीत होती, नावे माहीत होती, कोणत्या वस्तीत टँकर पोहोचत नाही आणि कोणाच्या शिधापत्रिकेवर सुनेचे नाव नाही हेही माहीत होते, कारण यादी वाचताना हे सारे बाहेर आले होते. टँकरच्या फेऱ्यांचे वेळापत्रक आता ग्रामपंचायतीच्या फलकावर लागते आणि पहिली फेरी कोणत्या वस्तीला, हे ग्रामसभेत ठरते. तांड्यावरची एक बाई आज पाणीपुरवठा समितीत आहे.

सध्या आमच्यापुढे दोन कामे आहेत. एक ग्रामरक्षक दलाचे. चोरट्या दारूविक्रीवर लक्ष ठेवण्यासाठी गावाला असे दल स्थापन करता येते. आमच्या दलासाठी नावे निघाली आहेत आणि त्यांत बाया बहुसंख्य आहेत. दुसरे काम ऊसतोडीला जाणाऱ्या कुटुंबांच्या मुलांचे. आईबापांबरोबर फडावर गेलेल्या मुलांची शाळा पाच-सहा महिने बुडते, म्हणून गावातच हंगामी वसतिगृह सुरू व्हावे आणि ते दसऱ्याच्या आत व्हावे, अशी मागणी बायांनी केली आहे. त्यासाठी कोणत्या घरातील किती मुले जातात, याची नोंद आम्ही पुन्हा घरोघर जाऊन करतो आहोत. येत्या महिला ग्रामसभेत ती वाचून दाखवली जाईल आणि ठराव मांडायचे काम, सासूसमोर पहिल्यांदा बोललेल्या त्या सुनेने घेतले आहे.